सरबत सांडल्यानंतरचा सोमवार

शनिवारी सकाळी सव्वाअकराच्या सुमारास नाशिकजवळ विल्होळीच्या गोदामात माजिदा अत्तारच्या हातून गुलाबाच्या सरबताचे अठ्ठेचाळीस खोके खाली आले. एकेका खोक्यात काचेच्या बारा बाटल्या. आवाज एवढा झाला की बाहेर ट्रकमध्ये झोपलेला ड्रायव्हर अनवाणी आत धावत आला.

फोर्कलिफ्टवर एकटीने बसायला लागून तिचा तो सहावा दिवस होता. त्याआधी नऊ वर्षं ती याच गोदामात पॅकिंगच्या टेबलापाशी उभी असायची. खोक्यावर टेप लावायची, शिक्का मारायचा, पुढे ढकलायचा. गेल्या उन्हाळ्यात कंपनीने ठरवलं की बायकांपैकीही दोघींना फोर्कलिफ्ट शिकवायची. सुपरवायझर कुंदन सरांनी जेवणाच्या सुट्टीत विचारलं, "कोण शिकणार?" सगळ्या एकमेकींकडे बघून हसत असताना माजिदाचा हात वर गेला होता. तो कसा गेला, हे तिला स्वतःलाही नंतर सांगता आलं नाही. वय एकेचाळीस. सायकलसुद्धा तिने कधी चालवली नव्हती.

पण ती शिकली. तीन महिन्यांत ती पिवळी गाडी तिच्या ओळखीची झाली. पुढचे दोन लोखंडी दात लाकडी पॅलेटच्या खाली अलगद घालायचे, माल उचलायचा, मागे बघत गाडी काढायची, उंच रॅकवर नेऊन ठेवायचा. परीक्षा झाली, लायसन्स आलं. ते तिने घरी नवऱ्याला दाखवलं तेव्हा खाजाने ते उलटसुलट करून पाहिलं आणि म्हणाला, "फोटो चांगला आलाय."

आणि मग तो शनिवार. तिसऱ्या गल्लीतून वळण घेताना उजव्या बाजूला काहीतरी हललं. तिने स्टेअरिंग झटक्यात डावीकडे मारलं. गाडी थांबली, पण माल थांबला नाही. खोके एकावर एक घसरत गेले, आणि काचांच्या आवाजानंतर जी शांतता पसरली त्यात तिला दिसलं, की फरशीवर लालभडक ओहोळ वाहतोय आणि त्या ओहोळात हमाल वाळू भोये बसलाय. कमरेपासून खाली सगळा लाल.

तिला त्याच्याकडे धावायचं होतं, पण पाय गाडीवरून खाली उतरेनात.

मग वाळू हळूच उठला. हाताकडे बघितलं, पँटकडे बघितलं. त्याला कुठे खरचटलंही नव्हतं. मागून कोणीतरी म्हणालं, "वाळ्या, गोड झाला रे तू!" आणि एकदम सगळे हसले. जीव भांड्यात पडल्यावर माणसं हसतात तसे. माजिदा हसली नाही. तिची बोटं स्टेअरिंगवर तशीच घट्ट होती. कुंदन सरांनी येऊन ती गाडी बंद केली, किल्ली काढून घेतली.

"लक्ष कुठं होतं तुमचं? माणूस गेला असता आज!" ते ओरडले. मग तिचा चेहरा पाहून आवाज थोडा खाली आणला. "घरी जा आता. सोमवारी या, बघू."

वाळू तिथेच उभा होता, मान खाली घालून. तो काहीच बोलला नाही. शनिवारी अर्धा दिवस असतो, म्हणून तो दर आठवड्याला दुपारच्या गाडीने हरसूलकडे आपल्या घरी जायचा. त्या दिवशी त्याने नळाखाली पाय धुतले आणि कोणाला न सांगता निघून गेला.

घरी आल्यावर माजिदाने भात टाकला, भाजी केली, धुणं वाळत घातलं. कुठलंच काम अर्धं राहिलं नाही. पण संध्याकाळी मुलीने, माहेनूरने, फ्रीजमधून लाल टोमॅटो काढून तिच्यासमोर ठेवले, तर ती त्यांच्याकडे बघतच राहिली.

"अम्मी, काय झालं?"

"काही नाही. तू चीर."

रात्रीच्या जेवणाआधीच तिने कुंदन सरांना मेसेज पाठवला. 'सर, मला परत पॅकिंगला टाका. गाडी माझ्याने होणार नाही.' पाच मिनिटांत उत्तर आलं. 'ठीक आहे. सोमवारपासून पॅकिंग.'

इतक्या सहज? तिला वाटलं होतं, ते निदान एकदा तरी विचारतील. नाही म्हणतील. तिला हायसं वाटायला हवं होतं. वाटलं नाही.

खाजाला तिने सगळं सांगितलं. नाशिकच्या द्वारका चौकाजवळ त्याचं गाड्यांच्या सीट कव्हरचं छोटं दुकान आहे. माणूस शांत, बोलणं बेताचं. तो म्हणाला, "छोड ना, माजिदा. पॅकिंगमध्ये काय वाईट होतं? नऊ वर्षं केलंस. कोणी बोट दाखवलं नाही."

"हो," ती म्हणाली.

त्याने चांगल्या मनानेच म्हटलं होतं. तरी ते वाक्य तिला रात्रभर टोचत राहिलं. नऊ वर्षांत कोणी बोट दाखवलं नव्हतं, हे खरं. नाव घेऊन हाकही मारली नव्हती. 'तीन नंबर टेबल' म्हणायचे.

डोळा लागला की लाल ओहोळ दिसायचा, त्यात बसलेला माणूस दिसायचा, आणि स्वप्नात तो उठायचा नाही.

रविवारी पहाटे नमाज झाल्यावर ती मुसल्यावरच बसून राहिली. वाळूला लागलं नाही असं सगळे म्हणाले. पण त्याला कोणी विचारलं होतं का? तो पडला होता. आतून मार लागला असेल, लाजेने बोलला नसेल. तिने फोन लावून पाहिला, 'संपर्क क्षेत्राच्या बाहेर'. पुन्हा लावला, पुन्हा तेच. त्याच्या पाड्यावर रेंज नसते हे तिला माहीत होतं, कारण सोमवारी सकाळी आल्यावर तो नेहमी म्हणायचा, "दोन दिवस फोन म्हंजे नुसता घड्याळ."

माहेनूर चहा घेऊन आली. ती अकरावीत होती आणि तिला आईची शांतता चांगली वाचता यायची.

"अम्मी, तू पहाटेपासून सात वेळा फोन लावलास. मी मोजले."

"लागत नाही गं."

"मग जाऊन ये ना."

"हरसूलला? इतक्या लांब? आणि जाऊन काय सांगू?"

"ते तिथं गेल्यावर ठरव," माहेनूर म्हणाली. "इथं बसून तर तुला काहीच ठरवता येत नाहीये."

साडेआठला खाजाने तिला स्कूटरवरून सीबीएसच्या एसटी स्टँडवर सोडलं. बस लागल्यावर समोरच्या हातगाडीवरून त्याने केळी आणली, खिडकीतून तिच्या हातात पिशवी दिली आणि म्हणाला, "रिकाम्या हाताने जाऊ नये कोणाकडे."

थंडीचे दिवस. गिरणाऱ्यापर्यंत दोन्ही बाजूंना द्राक्षाचे मांडव, मग ते मागे पडले आणि वाघेऱ्याचा घाट लागला. बसमध्ये बाजाराच्या पिशव्या, एक कोंबडा, परीक्षेला निघालेली दोन पोरं. माजिदा मनातल्या मनात वाक्यं जुळवत होती. 'वाळूभाऊ, मला माफ करा.' मग तिला वाटायचं, त्याची बायको बाहेर येईल आणि म्हणेल, माझ्या घरातला कमावता माणूस तू मारला असतास, आता केळी घेऊन आलीस?

हरसूलला उतरून तिने स्टँडवर विचारलं. चहावाल्याने उंबरपाड्याकडे जाणाऱ्या जीपमध्ये तिला बसवून दिलं. जीप फाट्यापर्यंतच. पुढे अर्धा तास पायी. वाटेत कापून झालेली भाताची खाचरं, मधूनमधून पिवळी फुलं वाळून गेलेलं खुरासणीचं तेलबियांचं पीक. एका म्हाताऱ्याने हातातली काठी लांबवून घर दाखवलं. "त्या आंब्याच्या खाली. वाळू घरीच हाय. कालधरनं कुठं हलला नाय."

कुडाचं घर, सारवलेलं अंगण. अंगणात एक बाई सुपात नागली पाखडत होती. माजिदाला पाहून तिने सूप खाली ठेवलं आणि पदर सारखा केला.

"वाळू भोयेंचं घर हेच ना? मी नाशिकहून आले. गोदामात काम करते त्यांच्याबरोबर."

बाईने तिला आपादमस्तक पाहिलं. "तुम्हीच का त्या गाडीवाल्या?"

माजिदाने केळ्यांची पिशवी पुढे केली. "हो. मीच."

बाई वळली आणि घरामागे बघून मोठ्याने ओरडली, "अवो! भायेर या! त्या बाई आल्या!"

कोणी आलं नाही. घराच्या मागे भाताच्या पेंढ्याची गंजी रचलेली होती. तिच्यामागे काहीतरी खसखसलं.

"लपलाय बघा," बाई म्हणाली. तिचं नाव लंकाबाई, वाळूची बायको. "कालपास्नं असाच. जेवला नाय धड. इचारलं तर म्हनतो, आता नाशिकला जायाचा नाय. का, तर सांगत नाय. नुसता म्हनतो, गाडीवाल्या ताईंना तोंड कसं दाखवू."

माजिदाला आपण काही चुकीचं ऐकलं असं वाटलं. "मला? मला तोंड कसं दाखवू म्हणाले?"

"मंग काय! आता तुम्हीच इचारा."

लंकाबाई गंजीमागे गेली आणि पंचेचाळीस वर्षांच्या नवऱ्याला दंडाला धरून अंगणात घेऊन आली. "येवढ्या लांब बाई आल्या, आन तुम्ही पेंढ्यात लपता? बसा हितं."

वाळूच्या केसांत पेंढ्याच्या काड्या अडकल्या होत्या. तो खाली बसला. वर न बघताच म्हणाला, "ताई, तुमची नोकरी गेली ना?"

"नाही. कोणी सांगितलं?"

"मग चौकशीला आल्या?"

"वाळूभाऊ, मी माफी मागायला आले. तुम्हाला लागलं का ते बघायला आले."

तेव्हा त्याने पहिल्यांदा मान वर केली. त्याचे डोळे भरले होते. लंकाबाईने तांब्या आणून दोघांच्या मध्ये ठेवला आणि शेजारीच उभी राहिली. तिलाही ऐकायचं होतं.

"ताई, चूक माजी व्हती," वाळू म्हणाला. "फरशीवर ती पिवळी पट्टी मारलीय ना, मानसांनी तिच्या भायेरनं चालायचं. मी आत घुसलो. पलीकडच्या गल्लीत जायला तेवढंच जवळ पडतं म्हनून. तुमची गाडी वळताना मी मधी आलो. तुम्ही मला बघून गाडी वळवली. नायतर मी दाबलो गेलो असतो रॅकला."

माजिदाला ते हललेलं काहीतरी आठवलं. उजव्या बाजूचं. काल दिवसभर आणि रात्रभर तिने तो क्षण शंभर वेळा डोळ्यांसमोर आणला होता आणि दर वेळी स्वतःचे हातच तिला दिसले होते, चुकलेले.

"मला कळलंच नाही," ती म्हणाली.

"मला तर कळलं व्हतं ना! सर तुम्हाला बोलत व्हते, मी तितंच उभा, आन तोंड उघडलं नाय. वाटलं, बोललो तर मला काढतील. तुम्ही मला वाचवलं आन मी गप बसलो." त्याने तळहाताने डोळे पुसले. "घरी आल्यावर वाटलं, आता त्या जागी पाय ठेवायचा नाय. हितं द्राक्षांच्या कामावर जाईन कुठं तरी."

अंगणात एक कोंबडी सुपाकडे सरकत होती. लंकाबाईने तिला हाकललं आणि नवऱ्याकडे बघून म्हणाली, "हे आदी सांगायचं की मला."

माजिदाच्या मनावरून कुणीतरी धोंडा उचलावा तसं झालं. पण ते पूर्ण खरं नव्हतं, हेही तिला त्याच क्षणी जाणवलं. ट्रेनिंग देणाऱ्या माणसाने पहिल्या दिवशी पाठ करून घेतलेलं वाक्य होतं. वळणावर आधी हॉर्न, मग स्टेअरिंग.

"वाळूभाऊ, मी हॉर्न दिला नव्हता," ती म्हणाली.

"काय?"

"वळताना हॉर्न द्यायचा असतो. मी दिला नाही. शनिवार होता, गल्ली रिकामी वाटली, म्हटलं कोण असणार. हॉर्न दिला असता तर तुम्ही थांबला असता."

वाळू विचार करत राहिला. "थांबलो असतो," त्याने कबूल केलं.

"मग दोघांनी मिळून पाडलं म्हनायचं," लंकाबाई म्हणाली. "चला, येक काम तर जोडीनं झालं."

वाळू आधी तिच्याकडे रागाने बघत राहिला, आणि मग त्याला हसू आलं. माजिदालाही आलं. शनिवारी सगळे हसले तेव्हा तिला जे हसता आलं नव्हतं, ते आता थांबेना. हसता हसता डोळ्यांतून पाणी आलं, ओढणीने ते पुसलं, आणि पुन्हा हसू आलं. "पाचशे शहात्तर बाटल्या," ती कशीबशी म्हणाली. "मुंग्या येतील आता वर्षभर त्या गल्लीत."

"माज्या पँटला कालच लागल्या," वाळू म्हणाला.

लंकाबाईने तिला जेवल्याशिवाय सोडलं नाही. नागलीची भाकरी, उडदाची आमटी, खुरासणीची चटणी. चुलीजवळ बसून माजिदाने दोन भाकऱ्या खाल्ल्या. शनिवार दुपारनंतर पहिल्यांदाच तिला नीट भूक लागली होती.

निघताना तिने विचारलं, "मग उद्या येताय ना?"

वाळू पायाच्या अंगठ्याने सारवण उकरत म्हणाला, "तुम्ही गाडीवर बसनार का?"

तिने खोटं बोलायचं टाळलं. "मी काल सरांना मेसेज केलाय, मला परत पॅकिंगला टाका म्हणून. त्यांनी टाकलंय."

"म्हंजे तुम्ही सोडली गाडी. आन मला येडा म्हनता!"

"मी तुम्हाला वेडा कुठं म्हटलं?"

"ती म्हनली," त्याने बायकोकडे बोट दाखवलं. "तुम्ही दोघी येकच."

"वाळूभाऊ, मला भीती वाटते," माजिदा म्हणाली. हे वाक्य तिने खाजाला सांगितलं नव्हतं, माहेनूरला सांगितलं नव्हतं. "त्या गाडीवर बसायचा विचार आला की हात थरथरतात. हे बघा, आत्ताही."

वाळूने तिच्या हातांकडे पाहिलं.

"माजे पाय थरथरत्यात," तो म्हणाला. "गोदामाचा दरवाजा डोळ्यांपुढं आला की."

लंकाबाई म्हणाली, "आसं करा. ह्यांनी सरांना आपलं सांगायचं, तुम्ही तुमचं सांगायचं. येकमेकांच्या सोबतीनं जा. भ्याव वाटलं तर दोघांना वाटंल. येकट्याला भ्याव लय जड होतं."

"पहिली गाडी पकडतो," वाळू म्हणाला. "साडेआठला दारात भेटू."

सोमवारी सकाळी सात वाजता द्वारकेच्या पुलाखाली कंपनीची बस आली तेव्हा माजिदा तिथे उभी होती. भोवती रिक्षांचा, ट्रकांचा, शाळेच्या व्हॅनचा गोंधळ. आठवड्याचा पहिला दिवस म्हणून सगळ्यांनाच घाई. रात्री ती झोपलीच नव्हती. बसच्या पायरीवर पाय ठेवताना तिने स्वतःला एवढंच सांगितलं, वाळू तिथे असेल.

साडेआठ वाजले. वाळू नव्हता.

पावणेनऊ. गोदामाचं शटर उघडलं, पॅकिंगच्या बायका आपापल्या टेबलांकडे गेल्या. माजिदा दारातच घुटमळत राहिली. फोन लावला, 'संपर्क क्षेत्राच्या बाहेर'. तिला त्याचा राग आला, आणि मग राग ओसरून नुसतं रिकामं वाटायला लागलं. त्याला नसेल जमलं. समजून घ्यायला हवं. रात्रीतून माणसाचं मन बदलतं, तिचंही दहा वेळा बदललं होतं.

तीन नंबरचं टेबल दिसत होतं. टेपचे रोल मांडून ठेवलेले. तिच्या जागी कोणी उभं राहिलं नव्हतं. नुसतं तिथे जाऊन उभं राहायचं होतं, कोणी एक शब्द विचारला नसता.

ती कुंदन सरांच्या काचेच्या केबिनमध्ये गेली.

"अत्तारबाई, तुमचं नाव पॅकिंगला घातलंय," ते कागदांतून मान वर न करता म्हणाले. "जा तुम्ही."

"सर, मला गाडीवर यायचंय."

आता त्यांनी वर पाहिलं. "तुम्हीच मेसेज केला होता."

"हो. घाबरून केला." तिने श्वास घेतला. वाळूचं त्याचं त्याने सांगायचं, असं ठरलं होतं. तो नव्हता, म्हणून त्याचं आपण सांगावं हे तिला बरोबर वाटेना. "शनिवारी वळताना मी हॉर्न दिला नव्हता. गल्ली रिकामी आहे असं धरून चालले. ती माझी चूक. ती मी पुन्हा करणार नाही. पण तेवढ्यासाठी मी गाडी सोडली, तर तीन महिने तुम्ही मला शिकवलं ते कशाला?"

कुंदन सर तिच्याकडे बघत राहिले. चाळिशीचे होते, तसे तिच्याच वयाचे. त्यांनी पेन खाली ठेवलं.

"मला वाटलं होतं, तुम्ही येणारच नाही आज," ते म्हणाले. "मेसेज आल्यावर मी लगेच हो म्हटलं, कारण मीही घाबरलो होतो. खरं सांगतो. माणूस गेला असता तर जबाबदारी माझी होती." ते उठले. ड्रॉवरमधून किल्ली काढली. "एक तास फक्त रिकामे पॅलेट हलवायचे. मी समोर उभा राहणार. मला पटलं तर पुढे."

गाडीवर बसल्यावर तिचे हात थरथरायला लागलेच. तिने ते थांबायची वाट पाहिली, ते थांबले नाहीत. शेवटी थरथरत्या हातांनीच तिने किल्ली फिरवली. पहिला पॅलेट उचलताना दात वाकडे गेले, लाकूड करकरलं. तिने ते मागे घेतले, पुन्हा घातले. उचलला. तिसऱ्या गल्लीच्या वळणावर फरशी अजून चिकट होती, टायरचा चपचप आवाज आला. तिने हॉर्न दिला. एकदा नाही, चार वेळा.

पॅकिंगच्या टेबलावरून विमलाबाई ओरडल्या, "माजिदा, वरात आली का गं कोणाची?"

सगळ्या हसल्या. माजिदाने वळण घेतलं आणि सरळ गल्लीत आल्यावर त्यांच्याकडे बघून मुद्दाम आणखी एकदा हॉर्न वाजवला.

दहा पॅलेट झाले, पंधरा झाले. हात केव्हा थांबले ते तिला कळलं नाही. तिचं लक्ष दातांवर होतं. एका तासाने कुंदन सरांनी हातानेच खूण केली, की आता भरलेला माल घ्या. बिस्किटांचे खोके, हलके. तिने श्वास रोखून पहिला उचलला.

सव्वादहाच्या सुमारास गोदामाच्या दारात वाळू आला. धापा टाकत, अंगावर टोमॅटोचा वास, शर्टाला चिखल. पहिली गाडी त्या दिवशी आलीच नव्हती. तो हरसूलच्या स्टँडवर एक तास थांबला, मग टोमॅटो घेऊन निघालेल्या पिकअपमध्ये मागे क्रेटवर बसून शहरात आला आणि तिथून दोन रिक्षा बदलून विल्होळीला.

त्याने माजिदाला गाडीवर पाहिलं. ती माल ठेवून मागे येत होती, त्याच्याकडे बघायला तिला वेळ नव्हता. तो पिवळ्या पट्टीच्या बाहेरून, लांबचा वळसा घालून, कुंदन सरांकडे गेला. काय बोलला ते माजिदाला ऐकू आलं नाही. एवढंच दिसलं, की तो बोलतोय, एकदा फरशीकडे बोट दाखवतोय, एकदा स्वतःकडे. सर कमरेवर हात ठेवून ऐकत होते. मग त्यांनी त्याला काहीतरी सुनावलं, बरंच सुनावलं. शेवटी त्याच्या पाठीवर थाप मारली आणि तिच्या गाडीकडे हात केला.

वाळू आला. गाडीपासून चार हात लांब उभा राहिला.

"सर म्हनले, मी ह्या गाडीबरोबर ऱ्हायचं आज. वळनावर आदी मी बघनार, मग तुम्ही यायचं."

"उशीर झाला तुम्हाला," माजिदा म्हणाली.

"तुम्ही थांबल्या नाय ना माज्यासाठी?"

"नाही."

"बरं केलं," तो म्हणाला आणि पुढच्या वळणाकडे चालायला लागला.

दुपारपर्यंत त्यांनी अख्खी चौथी गल्ली भरली. जेवणानंतर साफसफाईवाल्यांनी तिसऱ्या गल्लीची फरशी गरम पाण्याने पुन्हा धुतली. चारच्या सुमारास मलमाचे खोके घेऊन एक ट्रक आला आणि तोही तिनेच उतरवला. एकदा एक खोका किंचित सरकला. तिने गाडी थांबवली, खाली उतरून तो सारखा केला, पुन्हा बसली. कुंदन सर लांबून बघत होते. थोड्या वेळाने ते केबिनमध्ये परत गेले, आणि मग सुट्टी होईपर्यंत बाहेर आलेच नाहीत.

साडेपाचला माजिदा कंपनीच्या बसमध्ये खिडकीशी बसली. खाजाला फोन करायचा होता. त्याचा मेसेज दुपारीच आला होता, 'कसं चाललंय?' आणि त्यानंतर अर्ध्या तासाने आणखी एक, 'जेवलीस का?' तिने फोन हातात घेतला, 'गाडीवर आहे' एवढं लिहून पाठवलं. खिडकीतून थंड वारा येत होता. पाथर्डी फाटा गेला तेवढं तिला आठवत होतं.

"ताई! ओ ताई!"

तिने दचकून डोळे उघडले. बस थांबली होती. आत ती एकटीच होती. बाहेर कुठलीतरी अनोळखी गल्ली, एक गॅरेज, उसाच्या रसाची बंद गाडी. ड्रायव्हर सीटवरून मागे वळून बघत होता.

"द्वारका गेली का?" तिने विचारलं.

"द्वारका? अहो, आडगाव नाक्याच्या पुढे आलोय आपण. मी दोनदा हाक मारली, तुम्ही उठल्याच नाहीत. एवढी कसली झोप?"

"दोन रात्रींची राहिली होती," माजिदा म्हणाली आणि घाईने डबा पिशवीत भरायला लागली.

ड्रायव्हर हसला. "बसा, परत तिकडूनच जायचंय मला, सोडतो. पण उद्या येणार ना? नाहीतर सकाळी पुलाखाली उगाच थांबायला नको मला."

"थांबा," ती म्हणाली. "सात वाजता. येणार आहे मी."

मग तिने पाय लांब केले, डोकं खिडकीला टेकवलं, आणि बस वळून पुन्हा मुख्य रस्त्याला लागायच्या आत ती परत झोपली.